कृष्णाकाठचे सवाल-जवाब

गुढीपाडवा झाला की सातारा-सांगलीकडे गावोगावच्या यात्रा सुरू होतात. यात्रेचा क्रम ठरलेला असतो. पहाटे देवाला अभिषेक, दुपारी नैवेद्य, रात्री पालखीचा छबिना, छबिना देवळात परतला की तमाशा, दुसऱ्या दिवशी सकाळी हजेरी आणि दुपारी कुस्त्यांचं मैदान. चैत्रातले हे दिवस गाठून मी निघाले ते तमाशातलं प्रेम पाहायला. गवळणीतलं राधा-कृष्णाचं, वगातलं राजा-राणीचं, आणि कनातीमागं राहुटीत जगलं जातं तेही.

यासाठी हाच मुलूख का, तर आपल्या लोकनाट्याची फार मोठी माणसं कृष्णेच्या या पट्ट्यात जन्मली किंवा वाढली. यमुनाबाई वाईकर, पसरणीचे शाहीर साबळे, साताऱ्याचं नाव लावणाऱ्या कांताबाई, रेठरे हरणाक्षचे पठ्ठे बापूराव, वाटेगावचे अण्णा भाऊ साठे, कवलापूरचे काळू-बाळू, सावळजचे उमाजी. नदीबरोबर वरून खाली उतरत जायचं, एवढाच बेत होता.

वाईत पोचले तेव्हा ऊन चढलं होतं. ढोल्या गणपतीच्या घाटावर बायका धुणी वाळत घालत होत्या. यमुनाबाईंचा जन्म 1915 सालचा, कोल्हाटी समाजातला. आई गीताबाईंकडून त्या गाणं शिकल्या आणि लहानपणी रस्त्यावर गाऊन त्यांनी पैसे मागितले. पुढं ‘यमुना-हिरा-तारा वाईकर संगीत पार्टी’ नावारूपाला आली, 1977 साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, 2012 साली पद्मश्री. 2018 च्या मे महिन्यात त्या वाईतच गेल्या. त्यांची ओळख होती ती बैठकीच्या लावणीची. उभं राहून नाचायचं नाही, बसून गायचं आणि चेहरा, डोळे, बोटं, पदर यांनी गाण्याचा अर्थ खोलायचा. याला अदा म्हणतात.

ही अदा मी इथं एका जुन्या गायिकेच्या घरात अगदी हातभर अंतरावरून पाहिली. बाईंनी वयाची सत्तरी ओलांडली आहे. पेटीवर त्यांचा भाचा बसला होता. लावणीतली ओळ साधी होती, येतो म्हणून गेलेल्या माणसाची वाट पाहण्याची. पहिल्यांदा ती ओळ गाताना बाईंची नजर दाराच्या चौकटीवर गेली आणि तिथंच थांबली. दुसऱ्यांदा त्यांनी मांडीवरच्या पदराची कड बोटांनी मोजल्यासारखी पुढं सरकवली, म्हणजे रात्रीचे प्रहर मोजून झाले. तिसऱ्यांदा मान किंचित कलली, ओठ मुडपले, आणि माणूस आलेला आहे, आता त्याला घरात घ्यायचं की नाही हे ही बाई ठरवणार आहे, हे मला स्वच्छ दिसलं. ओळ तीच, सूरही जवळपास तेच. वाट पाहणारी, रागावलेली आणि हक्क सांगणारी अशा तीन बाया त्या एका चेहऱ्यावरून होऊन गेल्या.

गाणं संपल्यावर चहा झाला. मी विचारलं, “बाई, हे शिकवलं कुणी?”

“शिकवणार कोण? आईचं बघितलं. तिनं तिच्या आईचं बघितलं. मनातलं तोंडानं बोलायची सोय नव्हती पोरी, मग डोळ्यानं बोलायचं.”

त्या ‘सोय नव्हती’च्या मागं मोठा इतिहास आहे. कोल्हाटी समाजात ज्या मुलीच्या पायात चाळ बांधला तिचं लग्न व्हायचं नाही. पैसेवाला कुणी एक माणूस तिला ठेवायचा, त्याच्याकडून पैसा घेऊन ‘चिरा उतरण्याचा’ विधी व्हायचा, आणि तिच्या कमाईवर आई-बाप, भाऊ, भावजया, भाचरं सगळी जगायची. मुलांना बापाचं नाव मिळायचं नाही. किशोर शांताबाई काळे यांनी आईचं नाव लावून 1994 साली ‘कोल्हाट्याचं पोर’ लिहिलं तेव्हा मध्यमवर्गीय वाचकाला हे पहिल्यांदा नीट कळलं. लावणीत जी स्त्री येणाऱ्याला दारात अडवते, त्याच्याकडे हिशेब मागते, ती गाणाऱ्या बाईला प्रत्यक्षात दार लावून घेता येत नव्हतं. या प्रवासात पुढं जे जे पाहिलं, त्याकडे मी या जाणिवेतूनच पाहत गेले.

वाईहून पाचगणीच्या घाटाला लागलं की पसरणी. शाहीर कृष्णराव साबळे 1923 साली इथं जन्मले. त्यांच्या उमेदीच्या काळातल्या कितीतरी गाण्यांचे शब्द त्यांच्या पत्नी भानुमतींचे होते. नवऱ्याचा आवाज आणि बायकोची लेखणी अशी ही जोडी होती. लोककलेच्या इतिहासात आवाज लक्षात राहतो आणि लेखणी मागं पडते, म्हणून पसरणीच्या वेशीत भानुमतींचं नाव मुद्दाम घ्यावंसं वाटलं.

साताऱ्यात मला आठवण झाली कांताबाई सातारकरांची. जन्म गुजरातेतला, दगडखाणीवर राबणाऱ्या आई-बापांच्या पोटचा. वाढल्या मात्र साताऱ्यात. इथल्याच एका मेळ्यात त्या नाचायला लागल्या, पुढं मुंबई गाठली आणि तुकाराम खेडकरांच्या फडात गेल्या. तुकाराम आणि कांताबाई ही जोडी त्या काळात गाजली. वगात ते समोरासमोर उभे राहिले की सवाल-जवाबाला धार यायची, असं जुने रसिक सांगतात. प्रेमही जमलं, संसारही झाला, मुलं झाली. खेडकरांचं पहिलं लग्न झालेलं होतं. 1964 साली ते गेले आणि कांताबाई मुलांसह फडाबाहेर पडल्या. ज्या फडाच्या नावलौकिकात त्यांचा घाम होता, त्यावर त्यांचा कागदोपत्री काही हक्क राहिला नाही. पण या बाईनं रडत बसणं नाकारलं. आधी भागीत आणि मग स्वतःच्या नावावर तिनं फड उभा केला, मुलगा रघुवीरला रंगमंचावर आणलं आणि पुरुषांच्या भूमिकाही गाजवल्या. 2021 च्या मे महिन्यात करोनानं त्यांना नेलं. साताऱ्याच्या एसटी स्टँडवर उभी असताना माझ्या मनात आलं, की नावातच ‘सातारकर’ मिरवणाऱ्या या बाईची एखादी ठळक खूण या शहरानं दर्शनी जागी जपायला हवी.

सातारा-कराड महामार्ग सोडून काशीळवरून आत वळलं की तारळी नदीच्या काठी पाल लागतं. इथला खंडोबा मोठा. पौषात इथं खंडोबा-म्हाळसेचं लग्न लागतं, लाखोंनी माणूस जमतं आणि भंडाऱ्यानं नदीचा काठ पिवळा होतो. मी गेले तेव्हा देऊळ शांत होतं, पण पायऱ्यांच्या सांध्यांत हळद अजून अडकलेली होती. जागरणात वाघ्या-मुरळी जी कथा सांगतात, ती माझ्या मते महाराष्ट्रातली सर्वांत धीट प्रेमकथा आहे. म्हाळसेसारखी घरंदाज बायको असताना देवाचं मन बानू धनगरणीवर जातं. सारीपाटाचा डाव हरल्याचं निमित्त होतं, देव बारा वर्षं घर सोडतो आणि म्हाताऱ्या धनगराच्या वेषात बानूच्या वाड्यावर मेंढरं राखायला राहतो. बानू घरी आली की दोघी सवतींचं भांडण जुंपतं. त्या भांडणात जात निघते, खाणं निघतं, अंगाचा वास निघतो, माहेर निघतं. शेवटी देवाला दोघींना दोन बाजूंना बसवून नांदावं लागतं. जागरण ऐकणाऱ्या घराघरांतल्या सुना-सवती, धनगर-मराठे, सगळ्यांना आपापलं दुखणं त्यात सापडतं. जातीबाहेरच्या प्रेमाला या लोकनाट्यानं देवाच्या घरातच जागा करून दिली, हे केवढं मोठं काम आहे! आणि त्याच देवाला वाहिलेल्या मुरळीला मात्र माणसाशी लग्न करण्याची मुभा नव्हती, हेही पालच्या पायऱ्यांवर बसून विसरता येत नाही.

कराडला कृष्णा-कोयनेचा प्रीतिसंगम पाहून मी रेठरे हरणाक्षची वाट धरली. आज हे गाव सांगली जिल्ह्यात, वाळवा तालुक्यात आहे. पठ्ठे बापूराव जन्मले तेव्हा सगळा एकच सातारा जिल्हा होता. 1949 साली दक्षिण सातारा वेगळा झाला आणि 1960 साली त्याचं नाव सांगली पडलं. दोन्ही बाजूंना ऊस, मधून डांबरी रस्ता, रस्त्यावर कारखान्याला जाणाऱ्या ट्रॉल्यांतून सांडलेली पाचट. असं हे कृष्णाकाठचं काळ्या मातीचं गाव.

श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी यांचा जन्म 1866 सालचा. घर ब्राह्मणाचं, गावचं कुलकर्णीपण घरात. लिहिता-वाचता येणारा हा तरुण महार-मांगांच्या फडांना लावण्या लिहून देऊ लागला, त्यांच्यात बसू-उठू लागला आणि एक दिवस घर, वतन, जात सगळं मागं टाकून त्यानं तमाशाची वाट धरली. कुलकर्ण्यांचा श्रीधर पठ्ठे बापूराव झाला. पुढं त्यांना भेटली संगमनेरकडची पवळा हिवरगावकर, जातीनं महार, रूपानं आणि गळ्यानं लोकांना वेड लावणारी. तोवर तमाशात बाईचं काम नाच्या पोऱ्या करायचा. बाई स्वतः फडात उभी राहिली आणि तमाशाचा चेहरामोहरा बदलला, तो मुख्यतः पवळेमुळं. बापूराव लिहायचे आणि पवळा ते उभं करायची. गण, गवळण, भेदिक, झगड्याची लावणी, मिठाराणीचा वग, सगळ्याला तिनं देह दिला.

ब्राह्मण पुरुष आणि महार बाई एका फडात, एका छपराखाली राहतात, हे त्या काळच्या समाजाला सोसणारं नव्हतं. तरी माणसं तिकीट काढून या जोडीला बघायला जात होती. पुढं दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. पवळा 1939 साली गेली आणि बापूराव 1945 साली पुण्यात, हलाखीत. या जोडीकडे लोक ‘शाहिरानं बाईसाठी जात सोडली’ अशा त्यागकथेसारखं पाहतात. मला ती कथा अपुरी वाटते. बापूरावांकडं सोडण्यासारखं काही होतं, म्हणून त्यांचा त्याग दिसला. पवळेकडं सोडायला काही नव्हतंच, तिनं फक्त मिळवलं, स्वतःच्या अंगच्या गुणांवर. रेठऱ्यात पारावर बसलेल्या एका आजोबांना मी विचारलं, “बापूरावांबद्दल गावात काय सांगतात?” ते म्हणाले, “बापूराव आमचं. पण पवळा नसती तर बापूरावाचं कागद वाळवीनं खाल्लं असतं, ताई.” गावानं हे ओळखलेलं आहे, याचा मला आनंद झाला.

महामार्गाच्या पलीकडे कासेगावजवळून आत वाटेगाव. अण्णा भाऊ साठे 1920 साली इथल्या मांगवाड्यात जन्मले. मुंबईला गेले, गिरणीत राबले, परत आले, नात्यातल्या बापू साठे यांच्या तमाशात वावरले. 1944 साली अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्याबरोबर त्यांनी लाल बावटा कलापथक काढलं. गणातल्या गणपतीच्या जागी त्यांनी मातृभूमी आणि कष्टकरी माणूस आणला. प्रेमाचं काय केलं, हे मला अधिक महत्त्वाचं वाटतं. त्यांची मैनेवरची छक्कड महाराष्ट्रानं तोंडपाठ केली. तिचा नायक आहे पोटासाठी मुंबईला गेलेला कामगार, आणि मैना म्हणजे गावात मागं राहिलेली त्याची बायको. विरह लावणीत आधीपासून होता, पण तिथं साजण परगावी का गेला हे कुणी विचारत नव्हतं. अण्णा भाऊंनी कारण सांगितलं. दुष्काळ, बेकारी, गिरणी. त्याच छक्कडीत मैनेची ताटातूट आणि महाराष्ट्रापासून तुटलेल्या बेळगाव-कारवारची ताटातूट त्यांनी एका सुरात बांधली. सातारा-सांगलीतल्या घराघरांतला एक तरी पुरुष त्या काळी मुंबईत होता. ही छक्कड ऐकून मागं राहिलेल्या बायकांना काय वाटलं असेल, याचा विचार करत मी वाटेगावच्या गल्लीतून हिंडले. ‘वैजयंता’ या कादंबरीत तर त्यांनी तमाशातल्या स्त्रीलाच नायिका केलं. 1961 साली तिच्यावर गजानन जागीरदारांनी चित्रपट काढला. फडातल्या बाईचं प्रेम आणि तिची अब्रू या दोन गोष्टी अण्णा भाऊंनी वेगळ्या मानल्या नाहीत, कारण ते फडात राहिलेले होते.

सांगली शहरात शिरलं की नाटकाचा दुसराच प्रवाह भेटतो. विष्णुदास भाव्यांनी 1843 साली चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयानं ‘सीतास्वयंवर’ इथंच केलं. शहरालगतच्या हरिपूरला, कृष्णा-वारणेच्या संगमाजवळ, गोविंद बल्लाळ देवलांचा जन्म. त्यांच्या 1899 सालच्या ‘शारदे’नं म्हाताऱ्याशी कोवळ्या मुलीचं लग्न लावण्याच्या चालीवर आसूड ओढला. आणि याच जिल्ह्यातल्या सावळजचे उमाजी मांग यांच्याकडं तमाशातल्या पहिल्या वगाचा मान जातो, 1865 सालच्या ‘मोहना-बटाव’चा. एका बाजूला राजवाड्यातलं स्वयंवर, दुसरीकडं मांगवाड्यातून उठलेली मोहनेची कथा, आणि मध्ये जेमतेम बावीस वर्षं. पोथीतल्या सीतेसारखी नायिका शहराला हवी होती आणि खेड्याला बोलणारी मोहना, पण दोघांचीही सुरुवात लग्न आणि प्रेम याच विषयापासून झाली. शाळेच्या पुस्तकात विष्णुदासांचं नाव असतं, उमाजींचं क्वचित. ते शेजारी शेजारी असायला हवं.

सांगलीहून बुधगाव, कवलापूर, तासगाव असा रस्ता जातो. कवलापूरचे लहू आणि अंकुश खाडे हे जुळे भाऊ, म्हणजेच काळू-बाळू. ‘जहरी प्याला’तल्या त्यांच्या हवालदारांनी दोन-तीन पिढ्यांना पोट धरून हसवलं. सोंगाड्याचं प्रेमाशी नातं काय, असं वाटेल. तमाशात राजा-राणीची प्रीत फार उंच जाऊ लागली की सोंगाड्या मध्ये तोंड घालतो आणि घरातली चूल, थकलेली उधारी, रुसलेली बायको पुढं आणतो. त्यानं राजाला विचारलेले प्रश्न म्हणजे समोर घोंगडी टाकून बसलेल्या शेतकऱ्याच्या मनातले प्रश्न असतात. काळू-बाळूंचं ते कसब होतं.

तासगावच्या पुढं द्राक्षबागा सुरू होतात. बेदाण्याचे रॅक उन्हात उभे होते आणि हवेत आंबटगोड वास होता. अग्रणीच्या काठचं सावळज पाहून संध्याकाळी मी त्याच भागातल्या एका गावच्या यात्रेला पोचले. गावाबाहेरच्या शेतात कनात उभी होती. मागं दोन ट्रक, त्यांना टेकून राहुट्या, एका ट्रकच्या खाली झोळीत झोपलेलं बाळ.

मुख्य बाईंनी मला राहुटीत बसू दिलं. वय चाळिशीचं. पत्र्याच्या पेटीच्या झाकणाला आरसा अडकवलेला होता. त्यांनी आधी घोट्याभोवती सुती पट्टी घट्ट गुंडाळली, कातडी सोलवटू नये म्हणून. मग चाळाला हात लावून तो कपाळाला लावला आणि एकेक फेरा पायाभोवती घेत गाठ मारली. गाठ मारताना त्यांचा श्वास अडकत होता, एवढा तो चाळ जड. त्यांचा नवरा याच फडात ढोलकी वाजवतो. मी विचारलं, “तुमचं घरी भांडण झालं तर स्टेजवर कसं करता?”

“भांडाण झालं की ढोलकी जोरात वाजती,” त्या हसल्या. मग गंभीर होऊन म्हणाल्या, “ताई, माझ्या आईला नवरा नव्हता. मालक होता. मी लगीन केलं, रजिष्टर केलं. पोरीला होस्टेलात ठेवलीय, बारावीला हाय. तिच्या दाखल्यावर बापाचं नाव हाय आन् माझंबी.”

दहाच्या सुमाराला हलगी कडाडली. गण झाला, आणि गवळण सुरू झाली. डोक्यावर घडे घेतलेल्या गवळणी, पुढं मावशी. मावशी म्हणजे पदर डोक्यावरून घेतलेला, मिशी तशीच ठेवलेला पुरुष. वाटेत कृष्णाच्या सवंगड्यानं, पेंद्यानं अडवलं.

“कुठं निघालाय गं सगळ्या?”

“बाजाराला. तुला काय त्याचं?”

“देवाचा हुकूम हाय. दान दिल्याबिगर वाट मिळायची न्हाई.”

“तुझ्या देवानं ही वाट कधी लोटली का? आमी लोटतो रोज, शेणानं सारवतो. मग दान कुणी कुणाला द्यायचं?”

कनातीच्या डाव्या अंगाला बायकांची बसायची जागा होती. तिथून एकदम हशा आणि टाळ्या उठल्या. गवळणीचं सारं बळ या उलटसवालात आहे. ती कृष्णावर जीव टाकते, पण त्याचा हुकूम ऐकून घेत नाही.

तेलुगू मुलखातही हीच चाल दिसते. सिद्धेंद्र योगींच्या नावानं ओळखलं जाणारं कुचिपुडीतलं ‘भामाकलापम्’ सत्यभामेचं आहे. ती पडद्याआडून आपली लांब वेणी पुढं टाकते, आणि ते आव्हान असतं, की विद्येत मला जिंकाल तर ही वेणी कापा. ‘गोल्ल कलापम्’ मधली गवळण तर ब्राह्मणाशी वाद घालते. तिथं सत्यभामेची भूमिका पिढ्यान्‌पिढ्या ब्राह्मण पुरुषांनी केली, वेदांतम् सत्यनारायण शर्मा त्यात गाजले. तेलंगणात मात्र चिंदू यक्षगान करणारे मादिगा समाजातले कलावंत गावोगाव हिंडत, त्यांच्यात चिंदुल यल्लम्मांसारख्या बाया स्वतः उभ्या राहत. आपल्याकडं महार-मांग-कोल्हाट्यांनी जे केलं तेच तिकडं मादिगांनी. बाईला स्वतः उभी करून प्रेमात बोलतं करण्याचं काम दोन्ही मुलखांत गावकुसाबाहेरच्या माणसांनी केलं, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

मध्यंतरात चित्रपटातल्या गाण्यांची रंगबाजी झाली, शिट्ट्या झाल्या, दौलतजादा झाली. मग वग लागला. राणीवर प्रधान आळ घेतो, राजाचं मन फिरतं, दरबार भरतो. संध्याकाळी राहुटीत पाहिलेल्या बाई आता राणी होत्या. राजानं शिक्षा सांगितली आणि राणीनं सवाल टाकला. “तुम्ही मोहिमेवर गेलात, वर्षं गेली. तुम्ही कुठं राहिलात हे मी विचारलं नाही. माझ्यावर विश्वास ठेवायला साक्षीदार लागतो, मग तुमच्यावर मी कुणाच्या साक्षीनं ठेवला?” ढोलकी थांबली. पुरुषांच्या बाजूला चिडीचूप. माझ्या शेजारी नातवाला मांडीवर घेऊन बसलेल्या आजी स्वतःशीच पण मोठ्यानं म्हणाल्या, “बराबर बोलली.” आणि त्यांच्या मागच्या दोघी-तिघींनी मान हलवली.

सकाळच्या हजेरीला तोंडावरचा रंग पुरता न उतरलेले कलावंत पुन्हा उभे राहिले. रात्रभर जागलेली माणसं समोर होती. आजीही होत्या. मी त्यांना विचारलं, “आजी, राणीसारखं तुम्ही कधी विचारलंत?” त्या म्हणाल्या, “आमच्या येळंला तमाशाला यायचीच बंदी व्हती बाईमाणसाला. भिंतीआडून ऐकायचो. इचारायचं कसं ते तितनं शिकलो, पर इचारलं न्हाई. सून इचारती आता.”

आजींचं हे बोलणं मला या सगळ्या प्रवासाचं सार वाटतं. ज्या मुलखात नवरा-बायकोनं चारचौघांत एकमेकांकडं पाहणंही गैर मानलं जायचं, तिथं प्रेमात हक्क असतो, प्रश्न विचारता येतो, पुरुषालाही उत्तर द्यावं लागतं, हे गवळणीनं, बानूनं, मोहनेनं आणि वगातल्या राणीनं रात्रीमागून रात्री शिकवलं. पुस्तकं पोचण्याआधी ते पोचलं, भिंतीआडही पोचलं. शिकवणाऱ्या बायांना मात्र गावानं घरात घेतलं नाही. पवळेला, कांताबाईंना, यमुनाबाईंच्या पिढीतल्या कितीतरी जणींना प्रश्न विचारण्याच्या भाषेचं हे देणं देताना स्वतःच्या संसाराची, नावाची, मुलांच्या दाखल्याची किंमत मोजावी लागली.

या बायांचं हे कर्ज फेडायला फार मोठं काही करावं लागत नाही. यात्रा कमिटीनं ठरलेली सुपारी पुरती आणि वेळेवर द्यावी. कनातीबरोबर बायांसाठी न्हाणी आणि संडास उभा करावा; मी पाहिलेल्या यात्रेत तो नव्हता, बाया अंधारात उसात जात होत्या. फडातल्या मुलांना हंगामाचे सात-आठ महिने राहून शिकता येईल अशी वसतिगृहं तालुक्याच्या ठिकाणी असावीत, म्हणजे राहुटीतल्या बाईंच्या मुलीला मिळालं ते इतरांनाही मिळेल. पोस्टरवर नर्तिकेचं पूर्ण नाव छापावं. आणि बायकांच्या बसायच्या जागेत यंदा जेवढ्या सुना-लेकी होत्या, त्याच्या दुप्पट पुढच्या चैत्रात असाव्यात. राणीचा सवाल त्यांच्यासाठीच आहे, त्यांनी तो पहिल्या रांगेत बसून ऐकावा.